वाल्टरच्या मरणाला कौल

देवबागहून परत आल्यापासून मला लोक दोनच प्रश्न विचारतात. मासे कुठे चांगले मिळतात, आणि तो स्वित्झर्लंडचा नट शेवटी मेला का. पहिल्याचं उत्तर सोपं आहे, सुलभावहिनींच्या घरी. दुसऱ्याचं द्यायचं तर सगळा प्रवास सांगावा लागतो, आणि तो ऐकायला कोणाला वेळ नसतो. म्हणून एकदाच लिहून टाकते.

कुडाळ

मी पुण्याच्या एका महाविद्यालयात अठ्ठावीस वर्षं जर्मन शिकवलं. निवृत्त झाल्यावर आपलं जर्मन आता फक्त बिनसाखरेच्या चहाच्या डब्यावरच्या सूचना वाचायला उरलं, असं वाटत असतानाच एका माहितीपटासाठी दुभाषी हवी असल्याचा निरोप आला. सहा दिवस, सिंधुदुर्ग. माझी नणंद म्हणाली, तुला मालवणी कुठे येतं? मी म्हटलं, मराठीच तर आहे. हे वाक्य मला पुढे बरंच महागात पडलं.

कुडाळ स्टेशनवर तिघं उतरली. दिग्दर्शिका काट्रिन, चाळिशीची, तरतरीत, हातात कप्प्याकप्प्यांची फाईल. तिच्यामागे कॅमेरावाला योनास, ज्याने सहा दिवसांत फार तर वीस शब्द उच्चारले. आणि सगळ्यात शेवटी वाल्टर. एकाहत्तर वर्षांचा, उंच, काटकुळा, आणि चेहरा असा की याला नुकतीच कोणीतरी फार सभ्यपणे वाईट बातमी दिली असावी. त्याच्या हातात एक गोल पेटी होती. तिच्यात एकसारख्या पाच गवती टोप्या होत्या. एक टोपी घालायला आणि चार बुडवायला, असं त्याने मला गंभीरपणे सांगितलं.

वाल्टर काट्रिनशी त्यांच्या घरच्या जर्मनमध्ये बोलला आणि माझी अठ्ठावीस वर्षं स्टेशनावरच गळून पडली. मला एक शब्द कळला नाही. मग माझ्याशी बोलताना त्याने पुस्तकी जर्मन काढलं, आपण कचेरीत जाताना इस्त्रीचा शर्ट घालतो तसं. इकडे ज्याच्या घरी आम्ही उतरणार होतो तो रमाकांत आम्हाला न्यायला आला होता, आणि गाडीच्या ड्रायव्हरशी मालवणीत बोलत होता. तेही मला निम्मंच कळत होतं. माझ्याकडे वळून तोही इस्त्रीच्या मराठीत म्हणाला, "या मॅडम, बसून घ्या." म्हणजे दोन्हीकडची माणसं आपापसात खरं बोलणार आणि मला दोन्हीकडून शुद्ध भाषा मिळणार, हे पहिल्या पाच मिनिटांतच ठरलं.

मालवणकडे जाताना मी वाल्टरला शिष्टाचार म्हणून विचारलं, आपण कोणकोणत्या भूमिका केल्यात?

तो म्हणाला, मी मरतो.

मला वाटलं, ऐकण्यात काही चुकलं असेल. तर नाही. तरुणपणी तो झ्युरिकला नाटक शिकला, आणि पहिल्याच सिनेमात त्याला गुराख्याचं काम मिळालं. हा गुराखी अकराव्या मिनिटाला हिमलोटाखाली सापडतो. वाल्टर इतका सुरेख सापडला की पुढच्या दिग्दर्शकाने त्याला कड्यावरून पडायला बोलावलं. मग दूरचित्रवाणीवरच्या गुप्तहेर मालिका आल्या. त्यांत पहिल्या पाच मिनिटांत कोणीतरी मेलेलं लागतं. ते वाल्टर. बँकेत गोळी लागून, तळघरात गळा दाबून, एकदा सूपमधल्या विषाने. वय झाल्यावर त्याची गाडी माहितीपटांकडे वळली. तिथे इतिहासातले प्रसंग नट घेऊन पुन्हा उभे करतात. बोलायचं काही नसतं, वरून निवेदक बोलतो. बर्फात गोठलेला आदिमानव, प्लेग झालेला भिक्षू, क्षयाने खंगलेला घड्याळजी, ध्रुवावर हरवलेला संशोधक. चेहरासुद्धा बहुतेक वेळा दाखवत नाहीत, कारण त्या माणसाचं चित्र उपलब्ध नसतं. पाठमोरा वाल्टर चालत जातो आणि कोसळतो.

"माझ्या आयुष्यातले सगळे संवाद एका पोस्टकार्डावर मावतील," तो म्हणाला. त्याच्या गावचा पाववाला प्रत्येक कामावरून परतल्यावर पाव बांधता बांधता विचारतो, या वेळी कशाने?

या वेळी पाण्याने. दोनशे वर्षांपूर्वी एक स्विस वनस्पतीशास्त्रज्ञ झाडपाला गोळा करत या किनाऱ्यावर आला होता. घरी पत्रं पाठवायचा. शेवटचं पत्र खाडीच्या तोंडाजवळून लिहिलेलं, त्यानंतर काहीच नाही. काट्रिनच्या फाईलमध्ये त्यापुढे लाल शाईत लिहिलं होतं, बुडाला. हे चौथ्या दिवशी, दुपारी साडेतीनला चित्रित व्हायचं होतं.

देवबाग, दुसरा दिवस

देवबाग म्हणजे एका बाजूला समुद्र, दुसऱ्या बाजूला कर्ली नदीची खाडी, आणि मध्ये वाळूची चिंचोळी पट्टी. तिच्यावर माड, घरं, होड्या आणि पर्यटकांना पाण्यात खेळवणाऱ्यांच्या पाट्या. रमाकांतचं घर खाडीच्या बाजूला. पूर्वी फक्त मासेमारी, आता दोन खोल्या पाहुण्यांसाठी. मुलगा मुंबईला नोकरीला.

सकाळी रमाकांतच्या बायकोने, सुलभावहिनींनी, आंबोळी आणि काळ्या वाटाण्याची उसळ दिली. आमच्या पुण्यात पाहुण्याला "अजून घ्या ना" असं एकदा म्हणतात, आणि पाहुण्याने नको म्हटलं की ते मनापासून ऐकून घेतात. इथे विचारतच नाहीत. वाल्टरच्या ताटलीतली आंबोळी संपली की दुसरी पडायची. त्यांच्याकडे ताटलीत काही टाकणं असभ्य, आणि इथे ताटली रिकामी दिसणं असभ्य. दोन सभ्यतांच्या या भांडणात वाल्टरने अकरा आंबोळ्या खाल्ल्या आणि नऊ वाजता तो आडवा झाला. काट्रिन धावत आली. ती इतकी घाबरलेली पाहून मला जरा नवल वाटलं, पण योनासने कॅमेरा उचलला नाही, कारण हे मरण पटकथेत नव्हतं.

जेवायला तिरफळ घातलेलं बांगड्याचं तिखलं होतं. तिरफळाचा दाणा चावायचा नसतो हे सांगायचं माझं काम होतं. मी सांगेपर्यंत वाल्टरने चावला होता. जीभ बधिर झाल्यामुळे दुपारभर तो बोलू शकला नाही, पण त्याच्या म्हणण्याप्रमाणे त्याच्या कारकिर्दीत त्याने काही फरक पडत नव्हता.

संध्याकाळी रमाकांतने विषय काढला. उद्यापासून माझी होडी, माझं अंगण, गावाचा किनारा तुम्ही वापरणार, तर आधी देवाला सांगायला हवं. नवीन जाळं पाण्यात सोडतानासुद्धा सांगतात. गाऱ्हाणं घालायचं आणि कौल घ्यायचा. काट्रिन खूश झाली. तिच्या फाईलमध्ये 'स्थानिक रंग' नावाचा कप्पा रिकामाच होता.

देऊळ, तिसरा दिवस

गाऱ्हाणं घालणारे आबा गावचे मानकरी. सत्तरीचे, पांढरा शर्ट, खिशाला पेन. नोकरी कणकवलीला एका कचेरीत झालेली, त्यामुळे माझ्याशी सुरुवात शुद्ध मराठीत. देवळाच्या पायरीवर बसून त्यांनी कागद काढला.

"पाहुण्यांचं संपूर्ण नाव? गाव? व्यवसाय?"

नाव लिहिताना आडनावापाशी आबा अडखळले. त्यात सुरुवातीला स्वरच नाहीत. व्यवसायापाशी मी म्हटलं, नट आहेत, मरण्याची कामं करतात. आबांनी पेन थांबवलं आणि चष्म्यावरून बघितलं. आतापर्यंत किती वेळा, त्यांनी विचारलं.

मी म्हटलं, ते कशाला? तर म्हणाले, देवापुढे अर्धवट माहिती देऊन चालत नाही. पूर्ण सांगायचं, मग मागायचं. मी हे वाल्टरला सांगितलं. कोणीही थट्टा समजून हसलं असतं. वाल्टरने पाकिटातून घडी घातलेला कागद काढला. त्याने सगळी मरणं लिहून ठेवली होती, वर्षांसकट.

पुढचा तास मी आयुष्यात कधी केलं नाही असं भाषांतर केलं. वाल्टर बोटाने ओळ दाखवायचा, मी सांगायची, आबा लिहायचे. हिमलोटापाशी आबांनी विचारलं, म्हणजे नेमकं काय होतं? मी समजावलं. "दरड कोसळण्यात धरूया," म्हणत त्यांनी नोंद केली. मग त्यांनी प्रकार पाडले: पाणी, विस्तव, विष, हत्यार, थंडी. ध्रुवावरचा संशोधक थंडीत धरायचा की भुकेत, यावर दोघांची बरीच चर्चा झाली. सूपमधलं विष कोणी घातलं, हे आबांना हवं होतं. सख्ख्या भावाने, असं वाल्टर म्हणाला. आबांनी मान हलवली आणि त्याच्यासमोर चांदणी काढली. भाऊबंदकी इथे थंडीपेक्षा वरच्या दर्जाचं कारण आहे.

मी शेवटी न राहवून म्हटलं, आबा, हे सगळं खोटं हो. सिनेमातलं.

आबांनी पेनाला टोपण लावलं आणि पहिल्यांदाच त्यांचं शुद्ध मराठी सुटलं. "बाई, ता माका कळता. पण खोट्या मरणाक इतक्या येळा दार उघडला ना, की खऱ्याक वाट गावता."

मी पुण्याची. देवळात हात जोडते, पण एक डोळा घड्याळाकडे असतो. तरी ते वाक्य वाल्टरला सांगताना माझा आवाज जरा खाली आला. वाल्टरला कागदाची घडी नीट घालता येईना.

आत पाषाणापुढे दहाबारा माणसं जमली होती. आबा उभे राहिले, हात जोडले, आणि त्या कचेरीतल्या माणसाच्या गळ्यातून खणखणीत आवाज निघाला.

"बा देवा म्हाराजा, आज ह्यो तुझो पावणो सात समुद्र वलांडून तुझ्या पायाकडे इलो आसा..."

"व्हय म्हाराजा," सगळे एकसुरात म्हणाले.

"तेका दरडीखाली गाडलो, कड्यावरसून लोटलो, बँकेत गोळी घातली..."

"व्हय म्हाराजा."

"सख्ख्या भावान सुपातसून इख घातला..."

"व्हय म्हाराजा," आणि इथे मागून एक उसासाही आला.

मी अनेक नटांच्या सत्कारांना गेले आहे. शाल, नारळ, परिचय वाचणारा घाईत, ऐकणारे चहाकडे डोळे लावून. एखाद्याची अख्खी कारकीर्द इतक्या लक्षपूर्वक ऐकलेली मी दुसरीकडे कुठे पाहिली नाही. प्रत्येक भूमिकेला होकार. वाल्टर ताठ उभा होता. त्याला भाषा कळत नव्हती, पण यादी आपलीच चालली आहे हे कळत होतं.

मग कौल. गुरवाने पाषाणाच्या दोन्ही अंगांना ओल्या पाकळ्या लावल्या. उजवी आधी पडली तर देवाचा होकार, डावी पडली तर नकार. पहिला प्रश्न चित्रीकरणाच्या परवानगीचा. उजवी पडली. काट्रिनने मला डोळा घातला. तेवढ्यात आबांनी गुरवाला पुन्हा पाकळ्या लावायला सांगितल्या आणि आपण होऊन दुसरी गोष्ट मागितली. ह्या पाहुण्याला ह्याच्यापुढे खऱ्यात नाही आणि खोट्यात नाही, तुझ्या वेशीच्या आत मरण येऊ नये, अशी तुझी राखण असेल तर उजवा दे. बोलणं संपायच्या आत उजवी पाकळी खाली आली. लोक खूश झाले. नारळ फुटला.

काट्रिनने विचारलं, दुसरं काय होतं? ऊन वाढत होतं, मला पाणी हवं होतं. मी म्हटलं, त्याला दीर्घायुष्य मागितलं. ती म्हणाली, किती छान. सबंध प्रवासातली माझी सगळ्यात मोठी चूक ती हीच.

परत येताना वाल्टरने मात्र मला थांबवलं आणि शब्द न् शब्द विचारला. त्याला मी सगळं सांगितलं. तो वाटेतच थांबला, चष्मा काढला आणि शर्टाच्या टोकाने बराच वेळ पुसत राहिला. मला वाटलं, वाळू गेली असेल.

खाडीकाठ, चौथा दिवस

सकाळी समुद्राच्या अंगाला रापण ओढत होते. लांबलचक जाळं दोन टोकांनी किनाऱ्यावर ओढायचं, पन्नासेक माणसं. वाल्टर वेशभूषेत होता, म्हणजे दोनशे वर्षांपूर्वीचा लोकरीचा कोट. त्याच कोटात तो दोरी धरायला गेला. कोणी हसलं नाही, कोणी जागा करून दिली. दहा ओढी झाल्यावर तो बाजूला येऊन वाळूत बसला, आणि त्याच्या चेहऱ्याचा रंग मला बरा वाटला नाही. मी पाणी दिलं.

तिथे त्याने मला सांगितलं. हृदयाची झडप खराब आहे. पुढच्या महिन्यात ऑपरेशन. वय पाहता सांगता येत नाही, असं डॉक्टर म्हणतात. काट्रिनला सांगितलं नव्हतं, सांगितलं असतं तर तिने आणलंच नसतं. आंबोळीच्या दिवशी तो पडला तेव्हा ती घाबरली, कारण तिला संशय होता.

"तुम्हाला तर सवय आहे," मी म्हटलं, आणि म्हणताक्षणी जीभ चावली.

त्याने राग मानला नाही. म्हणाला, "मी प्रत्येक वेळी मेल्यावर कोणीतरी म्हणतं, झालं, ऊठ, कॉफी घे. चाळीस वर्षं. त्या टेबलावर तसं म्हणणारं कोणी असेल का, एवढंच मला ठाऊक नाही."

मी त्याच्या कोटावरची वाळू झटकत बसले. मला फार वाईट वाटलं, आणि मघाच्या विनोदाची लाज वाटली.

दुपारी तीनला खाडीवर सगळी तयारी झाली. वाल्टर होडीतून थोडा आत जाणार, पाण्यात उतरणार, दिसेनासा होणार, टोपी तरंगणार. योनास सज्ज. रमाकांत मात्र होडीला हात लावेना. मी विचारलं, काय झालं? तो अगदी सहज म्हणाला, ह्यांका बुडवूक मी नाय नेवचंय. काल देवान सांगितला ना.

तेव्हा मला काट्रिनला दुसऱ्या कौलाचा खरा मजकूर सांगावा लागला. तिने फाईल चाळली. तिच्या फाईलमध्ये पाऊस आला तर, वीज गेली तर, नट आजारी पडला तर, असे सगळे कप्पे होते. देवाने नटाला मरायची बंदी केली तर, असा नव्हता. तिने आबांना बोलावलं. आबा शांतपणे आले. वाळूवर नुसतं निजवू, ती म्हणाली. आबा म्हणाले, निजतील, पण झोपलेत असं दिसलं पाहिजे. घोरले तर उत्तम. मग आबांनीच प्रश्न केला, तुमचा तो झाडपाल्यावाला बुडाला हे बघितलं कोणी? काट्रिन म्हणाली, पत्रं थांबली. आबांना हसू आलं, आणि त्यांनी आपल्याच मुलाचं उदाहरण दिलं.

"माझ्या झिलाचीय पत्रां थांबली. तो बोरिवलीक आसा."

शेवटी काट्रिनने नकाशा पसरला आणि विचारलं, तुमच्या देवाची हद्द कुठपर्यंत? हा प्रश्न मी कसाबसा सभ्य करून विचारला. आबा प्रामाणिक माणूस. खाडीच्या पलीकडच्या तीराकडे हात करून त्यांनी सांगितलं की वेशीबाहेर आमचा देव बोलत नाही, तिथे ज्याची त्याची जबाबदारी. रमाकांतनेही मान्य केलं. पलतडीला नेऊन सोडायला त्याची ना नव्हती.

झालं. सामान होडीत चढलं. टोप्यांची पेटी चढली. काट्रिन चढली, योनास चढला. वाल्टर वाळूत बसून राहिला.

काट्रिनने हाक मारली. तो उठला नाही. या वेळी तो पुस्तकी जर्मनमध्ये बोलला, बहुधा मलाही कळावं म्हणून. "मी त्या बाजूला येणार नाही. चाळीस वर्षं जिथे सांगितलं तिथे मेलो. इथे कोणीतरी मला मरू नको म्हणालंय. मी इथेच बसतो." आणि मग झडपेचं, ऑपरेशनचं सगळं त्याने तिथेच सांगून टाकलं, लोकरीच्या कोटात, घाम पुसत.

आता हा माणूस काम गमावणार आणि आपण सगळे उद्याच्या गाडीला लागणार, असं मला वाटलं. काट्रिन होडीत उभीच होती. मग तिने मला विचारलं, टोपीबद्दल देवाचं काय म्हणणं आहे?

मी विचारलं. आबांनी गंभीरपणे विचार केला. टोपीत जीव नाही, पण काल टोपीचा उल्लेख राहिला होता, त्यामुळे विचारलेलं बरं. आम्ही सगळे परत देवळात गेलो. टोपीसाठी कौल लावला. उजवा मिळाला.

पण परवानगी देवाची असली तरी पाण्याचं वेळापत्रक वेगळं असतं. भरती सुरू झाली होती. रमाकांत सांगत होता, थांबा. काट्रिन म्हणत होती, प्रकाश जाईल. पहिली टोपी सोडली, ती वळणं घेत परत वाल्टरच्या पायाशी आली. दुसरी सोडली, तीही आली. तिसरी जरा लांब गेली, मनात काहीतरी ठरवल्यासारखी थांबली आणि परत फिरली. चौथीही आली. वाल्टर प्रत्येक टोपी उचलून, झटकून शेजारी वाळत ठेवत होता. किनाऱ्यावर एव्हाना अर्धं गाव जमलं होतं आणि टोपी परतली की समाधानाने माना हलवत होतं. चौथ्या टोपीनंतर काट्रिन वाळूत बसली आणि हसत सुटली. योनासने मात्र हे सगळं चित्रित केलं होतं. सहा दिवसांतल्या त्याच्या वीस शब्दांपैकी चार तेव्हा बाहेर पडले: "हाच आपला शेवट आहे."

पडवी, पाचवा आणि सहावा दिवस

उरलेलं चित्रीकरण रमाकांतच्या पडवीत झालं. माहितीपटातला शास्त्रज्ञ पडवीत बसून जेवतो. भात, बांगड्याचं तिखलं, सोलकढी. पाठमोरा नाही, समोरून. त्याचं चित्र उपलब्ध नाही, तर वाल्टरचं चालेल, असं काट्रिनने ठरवून टाकलं. सुलभावहिनींना फक्त वाढायचं होतं, पण वाढून झाल्यावर त्या कॅमेऱ्याची पर्वा न करता समोर उभ्या राहिल्या, संपतंय का बघायला. वाल्टरने तिरफळाचा दाणा काढून ताटाच्या कडेला ठेवला. मला वाटतं, अभिनयाचं म्हणाल तर त्याच्या आयुष्यातलं ते सर्वात उत्तम काम.

निघताना आबांनी त्याला अंगारा दिला आणि माझ्याकडून एक गोष्ट त्याला बजावून सांगितली. देवाचा शब्द वेशीच्या आतला आहे. पलीकडचं काही अडलं तर कळवा, विचारता येईल. वाल्टरने वाकून नमस्कार केला, फार वाकून.

पुणे

मला परत येऊन महिना झाल्यावर वाल्टरचं पत्र आलं, म्हणजे फोनवरचा लांबलचक निरोप. उद्या सकाळी ऑपरेशन. लिहिलं होतं, विचारणं मूर्खपणाचं आहे हे मला कळतं, पण तुम्ही आबांना विचाराल का?

मी रमाकांतला फोन केला. दुसऱ्या दिवशी आबांनी गाऱ्हाणं घातलं. फोन देवळात धरला होता, त्यामुळे इकडे स्वयंपाकघरात मी ऐकत होते. या वेळी यादी नव्हती. एकच मागणं होतं. त्याच्या देशात त्याच्या छातीवर सुरी चालतेय, ती सुरी आहे हे सोड, हत्यारात धरू नको, औषधात धर. "व्हय म्हाराजा" आलं, आणि माझ्या ओट्यापाशी मीसुद्धा ते म्हटलं. मोठ्याने म्हटलं. नणंद बाहेरून बघत होती.

मग पाकळ्या लावल्या. आम्ही थांबलो. उजवी पडेना. डावीही पडेना. अर्ध्या तासाने आबा म्हणाले, देव विचार करतोय. फोन ठेवला. दुपारी विचारलं, तशाच. मी त्या दिवशी जेवले नाही, आणि याला कारण पित्त आहे असं घरात सांगितलं.

दुसऱ्या दिवशी संध्याकाळी वाल्टरच्या फोनवरून दोन ओळी आल्या. कोणीतरी गालावर थापट मारून म्हणालं, झालं, उठा, कॉफी घेणार का. मी हो म्हणालो.

मी रडले. तशीच रमाकांतला फोन लावून सांगितलं. तो म्हणाला, बरा झाला. त्याने आबांना सांगितलं, आबांनी गुरवाला. मी विचारलं, मग पाकळ्या? तर म्हणाला, अजून तशाच.

याला आता सहा आठवडे झाले. वाल्टर घरी चालता-फिरता आहे. पाववाल्याने विचारलं, या वेळी कशाने, तर तो म्हणाला, या वेळी राहून गेलं. एका मालिकेत पहिल्या पाच मिनिटांत मेलेल्याचं काम आलं होतं, ते त्याने नाकारलं. पाकळ्यांचं मी त्याला कळवलेलंच होतं. कारण विचारलं तेव्हा त्याने लिहून कळवलं की निर्णय अजून प्रलंबित आहे.

आणि तो खरंच आहे. परवा मी पुन्हा विचारलं. रमाकांत म्हणाला, पाकळ्या सुकल्या, पण धरून आहेत. मी म्हटलं, अहो, पण देवाला रोज आंघोळ असते ना? तो म्हणाला, असते. गुरव रोज सकाळी पाणी घालतो, फक्त त्या दोन जागा हाताने झाकून.